पडद्यावर मरणारे आमचे इवाई

फोन दिल्लीच्या विमानतळावरून आला. सकाळचं ऊन नुकतंच अंगणात उतरलं होतं, शालिनी ओट्यापाशी कणीक मळत होती आणि मी उगाचच घड्याळाकडे बघत बसलो होतो, की चिऊ आणि मंदार एव्हाना जपानच्या विमानात बसले असतील का... फोनवर आधी नुसता गलका ऐकू आला, मग कुठल्याशा विमानाची घोषणा, आणि मग चिऊचा आवाज. "बाबा, आमी पोचलोच नाई," ती म्हणाली. "माहे बाबा गेले."

चिऊ म्हणजे आमची सून. खरं नाव चिएको, जपानमधल्या क्योटो शहराची. आमचा मंदार नोकरीसाठी तिकडे होता, तिथेच दोघांचं जमलं, आणि पुढे घरी बसून काम करायची सोय झाल्यावर तो तिला घेऊन अमरावतीला परत आला. चिएको हे नाव शालिनीच्या तोंडी आठवडाभरही टिकलं नाही, तिची चिऊ झाली. मराठी ती सासूकडूनच शिकली, त्यामुळे ती बोलते ती अस्सल वऱ्हाडी. एरवी ऐकणाऱ्याला हसू येतं. त्या सकाळी मात्र "माहे बाबा गेले" हे शब्द ऐकून मी फोन शालिनीपुढे धरला. शालिनीने तशाच पिठाच्या हाताने फोन घेतला. "ये माय, रडून घे," ती म्हणाली, आणि थोड्या वेळाने, दुसरं काहीच न सुचल्यासारखं, "काही खाल्लं का बाप्पा तुमी दोघांनी?" एवढं विचारलं आणि तीच रडायला लागली.

गेले ते चिऊचे वडील, तादाओ-सान. आमच्या वऱ्हाडात व्याह्याला इवाई म्हणतात, आणि आमच्या गल्लीत ते सगळ्यांचेच इवाई झाले होते. लग्नाला आले तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. सडपातळ, ताठ, पांढरे केस मागे वळवलेले. मांडवात शालिनीच्या भावांनी त्यांना फेटा बांधला, तर त्यांनी आरशात न बघताच हाताने चाचपून तो नीट बसवला. मी म्हटलं, माणसाला डोक्यावर काहीतरी घालायची सवय दिसते. काम काय करायचे, हे मंदारने लग्नाआधी नीट सांगितलं नव्हतं. "सिनेमात होते," एवढंच. मी शाळेत भूगोल शिकवायचो. सबंध नोकरीभर पोरांना जपान शिकवला, त्यातली बेटं, भूकंप, मासेमारी, सगळं तोंडपाठ... आणि तिथला एक माणूस घरात येऊन बसला तर त्याला चहा कसा लागतो हेसुद्धा विचारता येईना. शालिनीचं तसं नव्हतं. ती त्यांच्याशी सरळ वऱ्हाडीत बोलायची आणि त्यांना ते कळायचंही. "इवाई, बसा ना, उभे काहून?" म्हटलं की बसायचे. बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, एकुलती मुलगी इकडे. मग दर थंडीत ते आमच्याकडे येऊ लागले. सकाळी माझ्यासोबत वडाळी तलावापर्यंत चालणं, येताना नाश्त्याला दह्यातला गिला वडा, आणि दुपारभर शालिनीसोबत भाजी निवडणं.

अशाच एका रविवारी दुपारी शालिनीने विषय काढला. "इवाई, तुमी सिनेमात होते म्हनता, तं दाखवा ना एखांदा." मंदारने जपानीत सांगितलं. ते थोडा वेळ चिऊकडे बघत राहिले. चिऊ उठली, "मले काम हाय" म्हणाली आणि गच्चीवर निघून गेली. ते मग खोलीतून एक सीडी घेऊन आले. तलवारबाजीचा सिनेमा होता, जुना. पाऊस, चिखल, मधोमध देखणा नायक आणि त्याच्याभोवती पंधरा-वीस माणसं. मी त्या चेहऱ्यांत आमच्या इवायांना शोधत होतो. त्यांनी पुढे होऊन पडद्यावर बोट ठेवलं आणि म्हणाले, "मी." नायकाच्या मागच्या बाजूला गवताची टोपी घातलेला एक जण कमानीसारखा मागे वाकला, क्षणभर तसाच लटकल्यासारखा राहिला आणि चिखलात कोसळला. "अगं माय, मेले?" शालिनी म्हणाली. "मेरो," ते ल चा र करत हसून म्हणाले. हा शब्द त्यांना कुणी शिकवला होता कोण जाणे. थोड्या वेळाने पुन्हा बोट, पुन्हा "मी." त्याच सिनेमात, आता मिशा लावून, जिन्यावरून गडगडत खाली. शालिनी हसली. मग तिसऱ्यांदा... त्या वेळी चेहरा दिसला, डोळे उघडे, गालावरून पावसाचं पाणी ओघळतंय. शालिनीने पदर डोळ्यांना लावला. "पुरे करा बाप्पा," ती म्हणाली. "घरातल्या मानसाले असं मरताना नाई पाहावत."

ती गच्चीवर गेली, चिऊकडे. चिऊ वाळत घातलेल्या चादरींच्या आडोशाला बसली होती. तिथे तिने पहिल्यांदा सासूला सांगितलं. लहान असताना शेजारच्यांच्या घरी टीव्हीवर तिने बापाला मरताना पाहिलं होतं, आणि एवढी किंचाळली होती, की शेजारीण तिला उचलून घरी घेऊन आली. मग शाळेत पोरांनी खेळच काढला. पट्टीने तिच्या पाठीवर वार करायचे आणि म्हणायचे, तुझा बाप कालही मेला. तिच्या आईने नवऱ्याला पुष्कळ सांगून पाहिलं की दुसरं काही काम बघा. त्यांना ते जमलं नाही. चिऊ कॉलेजात असताना आई आजारी पडली, आणि तिचा शेवटचा दिवस आला तेव्हा ते डोंगरात नदीवर चित्रीकरणाला गेले होते. निरोप पोचेपर्यंत संध्याकाळ झाली. ते धावत दवाखान्यात आले तेव्हा आईला जाऊन काही तास झाले होते. "त्याइच्या कानामांगं लाल रंग तसाच होता," चिऊ म्हणाली. "खोटं रक्त. मले अजून दिसते." त्या दिवसापासून त्यांचा एकही सिनेमा तिने पाहिला नव्हता. बापलेकीत भांडण नव्हतं, पण बोलणंही नव्हतं. तब्येत कशी आहे, पाऊस पडतोय का... एवढंच.

शालिनीने हे मला सांगितलं तेव्हा मी अस्वस्थ झालो. दुसऱ्या दिवशी तलावावर चालताना मीच त्यांना त्यांच्या कामाबद्दल विचारलं. मोडकं इंग्रजी, काही मराठी शब्द, बाकी हातवारे. असं करत करत, पुढच्या कित्येक सकाळी, त्यांनी मला आपलं आयुष्य सांगितलं. उत्तरेकडच्या एका कोळीवाड्यातला मुलगा. चुलता क्योटोच्या एका स्टुडिओत सुतारकाम करायचा, त्याच्या ओळखीने तिथे चिकटला. स्टुडिओत एक मोठी खोली होती, ज्यांना नाव नाही अशा नटांची. सकाळी फळ्यावर लिहिलेलं असे, आज कोण काय. हमाल, शिपाई, गावकरी, प्रेत. त्या खोलीतल्या एका म्हाताऱ्या नटाने त्यांना पडायला शिकवलं. बरगड्या मोडल्या, गुडघे गेले, पण ते असे पडू लागले की मोठमोठे नायक त्यांनाच मागून घेत. कारण ते पडले की नायकाची तलवार खरी वाटायची. नाव मात्र शेवटच्या पाटीवर बारीक अक्षरांत, कधी तेही नाही. मग तसले सिनेमे निघेनासे झाले. टीव्ही मालिका आल्या, त्याही आटल्या. शेवटची काही वर्षं सहलीला आलेल्या लोकांसमोर, जुन्या गावाच्या खोट्या देखाव्यात, दिवसातून दोनदा मरायचं. फोटो काढायला लोक नायकाकडे धावत, हे उठून कपडे झटकत आत जात.

एकदाच त्यांना बोलण्याची भूमिका मिळाली होती. नावाडी. नायकाला नदी पार करून देताना दोन-चार वाक्यं बोलायची. सिनेमा लागला त्या दिवशी ते बायकोला घेऊन गेले. ती नवा किमोनो नेसून आली होती, चिऊ तेव्हा पोटात होती. त्यांनी तिला आधीच सांगून ठेवलं, नदी दिसली की नीट बघ. नदी आली. गेली. नाव, नावाडी, वाक्यं, सगळं कापलं होतं. घरी येताना बायको म्हणाली, नदी छान दिसली. हे सांगून ते हसले. मला हसता येईना.

त्याच हिवाळ्यात सलीमभाई आला. सलीमभाई हा माझा कॉलेजपासूनचा दोस्त. अकोल्यात त्याचं कापडाचं दुकान आहे, पण जीव नाटकात. दरवर्षी कॉलेजातली पोरं गोळा करून एक नाटक बसवतो. इवाई कोण आहेत हे कळल्यावर तो माझ्यावरच उखडला. "यार मास्तर, तुह्या घरी सिनेमाचा ॲक्टर बसला हाय अन् तू मले आता सांगून राहिला?" त्याच्या नाटकात लढाई होती. गाव सोडून दूरच्या लढाईवर गेलेली माणसं आणि मागे राहिलेली एक मुलगी, असं काहीतरी. पोरं तलवारी म्हणून काठ्या फिरवायची आणि सगळं दांडियासारखं दिसायचं. मग दर रविवारी आम्ही अकोल्याला जाऊ लागलो, मूर्तिजापूरला चहा पिऊन. पहिल्या दिवशी इवायांनी सगळ्यांत किडकिडीत पोरगा समोर उभा केला आणि म्हणाले, "मार." त्याने घाबरत घाबरत काठी फिरवली. हे मागे वाकले, लटकले, कोसळले. हॉलमध्ये धूळ उडाली. पोरगा काठी टाकून धावला, "काका, लागलं काय?" आणि बाकीची पोरं त्या किडकिडीत पोराकडे अशी बघत राहिली, जणू तो खरोखरचा लढवय्या होता.

सलीमभाईने एकदा तालीम संपल्यावर त्यांना विचारलं, "इवाई, तुमचा आवाज तं आमी ऐकलाच नाई. सिनेमात किती बोलले तुमी?" मी नावाड्याची गोष्ट सांगितली. पुढच्या रविवारी सलीमभाईने नाटकाचा शेवट बदलून आणला. मुलीचा बाप लढाईत मेला असं सगळ्यांनी धरलेलं असतं. तो शेवटच्या प्रवेशात परत येतो. दारात उभा राहतो आणि एकच वाक्य बोलतो, "पोरी, लय उशीर झाला मले." चिऊच्या आईची गोष्ट सलीमभाईला ठाऊक नव्हती. ती मी त्याला कधीच सांगितली नव्हती, आजही सांगितलेली नाही. वाक्य ऐकून मी इवायांकडे पाहिलं. त्यांना त्याचा अर्थ अजून कळला नव्हता. तो त्यांना समजावून सांगणार कोण? घरात जपानी नीट येणारी एकटी चिऊच होती, मंदारला कामापुरतंच येतं.

तर चिऊने ते वाक्य त्यांना शिकवायला घेतलं. अडचण अशी, की जपानी जिभेला ल आणि र वेगळे काढता येत नाहीत. चिऊ स्वतः त्यातून गेलेली. इवाई म्हणायचे, "पोरी, रय उशीर झारा मरे." शालिनी भाकऱ्या थापता थापता हसायची, "इवाई, मरे नाई, मले! मले!" तेही हसायचे. "मरे" म्हणजे काय ते चिऊने सांगितलं तेव्हा छातीवर हात ठेवून म्हणाले, "मरे... माझं काम." चिऊलाही हसू आलं. बापाच्या त्या कामावर ती हसली, असं मी पहिल्यांदा पाहत होतो. रोज दुपारी स्वयंपाकघरात हे चाले. चिऊ तोंड उघडून जीभ टाळूला कशी लावायची ते दाखवी, ते पाटावर बसून लहान पोरासारखे तिच्या तोंडाकडे बघत. एका दुपारी ती मेथी निवडत होती आणि त्यांनी एकदम म्हटलं, "पोरी, लय उशीर झाला मले." स्वच्छ. सगळे ल जागच्या जागी. चिऊचे हात थांबले. मग ते जपानीत काहीतरी बोलले, हळू, थोडंसंच, आणि मला वाटतं तेच वाक्य त्यांनी त्यांच्या भाषेत म्हटलं. चिऊ काही बोलली. मग ते बोलू लागले, थांबत थांबत... शालिनीने गॅस बंद केला, मला हाताला धरून बाहेर आणलं आणि स्वयंपाकघराचं दार लोटून घेतलं. आत काय बोलणं झालं ते मी चिऊला आजवर विचारलेलं नाही. त्या दिवशी जेवणं फार उशिरा झाली एवढं आठवतं.

प्रयोग अकोल्यात झाला. चिऊ माझ्या आणि शालिनीच्या मधे बसली होती. लढाईच्या प्रवेशात पोरं एकेक करून पडू लागली, तशी तिने शालिनीचा हात घट्ट धरला. कारण प्रत्येक पोरगा तिच्या बापासारखाच पडत होता. मग शेवटचा प्रवेश. इवाई काठी टेकत आले. दारात थांबले. "पोरी," ते म्हणाले, "लय उशीर झाला... मले." पुढे काहीच नव्हतं. कुणी वार केला नाही, कुणी ढकललं नाही. ते उभे होते आणि दिवे हळूहळू मंद होत गेले. "आई," चिऊ अंधारात कुजबुजली, "उभे हायेत ते. उभेच हायेत." टाळ्या वाजल्या तेव्हा सलीमभाईने सगळ्यांना पुढे बोलावलं. सवयीने इवाई मागच्या रांगेत जाऊन उभे राहिले होते. पोरांनी त्यांना ओढून पुढे आणलं. येताना गाडीत ते चिऊच्या खांद्यावर डोकं ठेवून झोपले. मूर्तिजापूरला चहासाठी थांबलो नाही. चिऊ म्हणाली, झोपू द्या.

होळी झाली, ऊन तापू लागलं आणि ते निघाले. बायकोच्या समाधीची वर्षाची पूजा करायची होती, घर आवरायचं होतं. शालिनी म्हणाली, "आता दिवाळीले कायमचेच या." त्यांनी मान हलवली. खालची खोली आम्ही रंगवून घेतली. त्यांचं गुडघ्याचं दुखणं म्हणून संडासात आधाराचा दांडा लावला. फोनवर रोज चेहरा दिसायचा. श्रावणात मात्र ते उजेडाकडे पाठ करून बसू लागले. चेहरा नीट दिसायचाच नाही. चिऊ म्हणायची, बाबा, जरा इकडे वळा ना, तर हसून टाळायचे. कॅमेऱ्यापुढे चेहरा कसा झाकायचा हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? शेवटी क्योटोहून त्यांच्या शेजारच्या म्हातारीचा फोन आला. ते दवाखान्यात आहेत, कॅन्सर आहे, त्यांनी सांगू नका म्हटलं होतं पण मला राहवत नाही. चिऊने लगेच त्यांना फोन लावला. म्हणाले, तू कशाला धावपळ करतेस, दिवाळीला मीच येतो आहे. दुसऱ्या दिवशी ती आणि मंदार निघाले. शालिनीने इवायांसाठी डब्यात शंकरपाळे दिले होते. ते डबाभर तसेच परत आले.

चिऊ तिकडून आली त्या संध्याकाळी बरीच बोलली. नर्स म्हणाली, पहाटे झोपलेले होते, सकाळी पाहिलं तर गेलेले होते. खोलीत कुणी नव्हतं. अंत्यविधीला स्टुडिओतल्या त्या मोठ्या खोलीतले उरलेसुरले म्हातारे नट काठ्या टेकत आले होते. चिऊ सांगत होती आणि मधेच थांबली. "आईच्या वेळेस ते नव्हते," ती म्हणाली. "त्याइच्या वेळेस मी नवती. लहानपणी त्याइले मरताना पाहून किंचाळली होती मी... अन् खरंच मेले तवा विमानतळावर कॉफी पिऊन राहिली होती." शालिनीने तिचं डोकं मांडीवर घेतलं. मला तिथे बसवेना. सगळ्यांच्या डोळ्यांसमोर मरण्यात ज्याचं आयुष्य गेलं, तो माणूस शेवटी एकटा गेला. कुणी पाहिलं नाही. हे मला अजून सहन होत नाही, आणि ते सहन व्हावं असं काही मी इथे लिहूही शकत नाही.

गल्लीतली माणसं बसायला येत होती. सलीमभाई अकोल्याहून आला, तासभर बसून उठला. त्याला सोडायला मी दारापर्यंत गेलो तेव्हा पाहिलं, शालिनी अंगणात खाली बसली होती. तिचे गुडघे दुखतात, ती एरवी खाली बसत नाही. दाराबाहेर चपलांचा हा ढीग होता आणि ती एकेक जोड उचलून, तोंड रस्त्याकडे करून, ओळीने लावत होती. इवाई करायचे हे. घरात आलेल्या प्रत्येकाच्या चपला, दूधवाल्याच्यासुद्धा, ते हळूच वळवून ठेवायचे. जाताना माणसाला सरळ पाय घालता यावेत म्हणून. आम्ही त्यांना हसायचो.

सलीमभाईने आपल्या वळवलेल्या चपलांकडे पाहिलं, पाय घातले आणि डोळे पुसत गेला. शालिनी ओळीच्या टोकाला पोचली. तिथे चिऊच्या सपाता होत्या, घराकडे तोंड करून पडलेल्या, ती आत आली तशा. मी म्हटलं, त्या राहिल्या की. शालिनीने त्यांना हात लावला, आणि काढून घेतला.

"हिच्या राहू द्या अशाच," ती म्हणाली. "पोरगी आताच घरी आली हाय."